गाऱ्हाणे, मौन आणि महादेश : विद्यापीठीय विलंबावरील न्यायालयीन उपाय

१. गाऱ्हाण्याची भाषा आणि उत्तराचा प्रश्न

भारतीय संविधानाच्या अनुच्छेद ३५० ने प्रत्येक व्यक्तीस एक महत्त्वाचा हक्क दिलेला आहे. आपल्या गाऱ्हाण्याच्या निवारणासाठी संघराज्याच्या किंवा राज्याच्या कोणत्याही अधिकाऱ्याकडे अगर प्राधिकाऱ्याकडे, संघराज्यात वा त्या राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत, तिला अभिवेदन सादर करता येते. आपण भाषांचे अभ्यासक या अनुच्छेदाकडे भाषिक हक्काची तरतूद म्हणून पाहतो, आणि ते योग्यच आहे. परंतु त्याचे शब्द पुन्हा वाचले म्हणजे त्यात काय नाही तेही ध्यानात येते. गाऱ्हाणे कोणत्या भाषेत सांगावे याची मुभा तेथे आहे. त्याला उत्तर केव्हा मिळावे, किंबहुना ते मिळावेच की नाही, याविषयी हा अनुच्छेद मौन पाळतो.

'गाऱ्हाणे' हा शब्द मराठीत केवळ तक्रारीचा वाचक नाही. कोकणात आणि गोव्यात ग्रामदैवतापुढे गाऱ्हाणे घातले जाते, आणि ज्याच्यापुढे ते घालावयाचे त्याने कौल द्यावा अशी अपेक्षा असते. कौल उजवा मिळेल वा डावा. पण तो मिळाला म्हणजे मनुष्य पुढच्या कामाला लागतो. विद्यापीठांतील गाऱ्हाण्यांची शोकांतिका बहुधा डाव्या कौलात नसते; कौलच न मिळण्यात असते. अर्ज आवक नोंदवहीत चढतो, त्याला क्रमांक मिळतो, तो एका विभागातून दुसऱ्या विभागात जातो, आणि पुढे काही घडत नाही. नकार मिळाला तर त्याविरुद्ध अपील करता येते. मौनाविरुद्ध अपील कोणते करावयाचे, असा प्रश्न पडतो.

मराठीसारख्या भाषेचे अध्यापन तिच्या प्रदेशाबाहेर ज्या विद्यापीठांत चालते तेथे हा प्रश्न अधिक तीव्र होतो. अशा ठिकाणी विभाग लहान असतो. कित्येकदा एकदोन अध्यापकांवर तो उभा असतो. एका प्रबंधाचा परीक्षक नेमण्यास वर्ष लागले, एका पदोन्नतीचा कागद दोन वर्षे अडकला, किंवा एक निवड समिती भरलीच नाही, तर त्याचा परिणाम त्या एका व्यक्तीपुरता उरत नाही. मार्गदर्शक निवृत्त होतो, विद्यार्थी दुसरीकडे वळतात, आणि त्या भाषेचे तेथील अस्तित्वच क्षीण होते. म्हणून दप्तरदिरंगाईवर न्यायालय काय करू शकते आणि काय करू शकत नाही, हे साहित्याच्या अभ्यासकांनीही समजून घेणे अगत्याचे आहे. प्रस्तुत लेखात त्याचाच परामर्श घ्यावयाचा आहे.

२. विद्यापीठाच्या आतील मार्ग

न्यायालयाचा विचार करण्यापूर्वी विद्यापीठाच्या आतील मार्ग पाहिले पाहिजेत; कारण न्यायालयाचा पहिला प्रश्न तोच असतो.

२००९ च्या केंद्रीय विद्यापीठ अधिनियमाचे उदाहरण घेऊ. त्याच्या कलम ३३ अन्वये विद्यापीठ आणि कर्मचारी यांच्यातील करारातून उद्भवणारा वाद, कर्मचाऱ्याने तशी विनंती केल्यास, लवाद न्यायाधिकरणाकडे सोपवावा लागतो. या न्यायाधिकरणावर एक सदस्य कार्यकारी परिषदेचा, एक कर्मचाऱ्याने सुचविलेला आणि एक पंच अभ्यागताने, म्हणजे राष्ट्रपतींनी, नेमलेला असतो. त्याचा निर्णय अंतिम मानला आहे व दिवाणी दाव्यास मज्जाव आहे. तथापि, अनुच्छेद ३२ व २२६ खालील न्यायालयीन उपायांना यामुळे बाध येत नाही, असे त्याच कलमात स्पष्ट म्हटले आहे. कलम ३४ विद्यार्थ्यांवरील शिस्तभंगाच्या कारवाईतील अपील व लवादासंबंधी आहे. आणि कलम ३५ ने कर्मचाऱ्यास व विद्यार्थ्यास एखाद्या अधिकाऱ्याच्या वा प्राधिकरणाच्या निर्णयाविरुद्ध कार्यकारी परिषदेकडे अपील करण्याचा हक्क दिला आहे. येथे 'निर्णयाविरुद्ध' हा शब्द महत्त्वाचा आहे. निर्णयच झाला नसेल तर या अपिलाचे दार अर्धेच उघडते.

विद्यार्थ्यांच्या गाऱ्हाण्यांसाठी विद्यापीठ अनुदान आयोगाने २०१२, २०१९ आणि २०२३ अशी तीन वेळा विनियमांची रचना केली. २०२३ च्या विनियमांनुसार गाऱ्हाणे विद्यार्थी तक्रार निवारण समितीपुढे जाते. समितीने आपला शिफारशींसह अहवाल शक्यतो १५ कामकाजाच्या दिवसांत द्यावयाचा असतो. त्यावर समाधान न झाल्यास विद्यार्थ्याने १५ दिवसांत लोकपालाकडे अपील करावे, आणि लोकपालाने ३० दिवसांत त्याचा निकाल लावण्याचा प्रयत्न करावा, अशी योजना आहे. परीक्षा घेण्यात किंवा निकाल जाहीर करण्यात शैक्षणिक दिनदर्शिकेपलीकडे झालेला अवाजवी विलंब हा या विनियमांत गाऱ्हाण्याचा एक स्वतंत्र प्रकार मानला आहे. म्हणजे विलंब हेच गाऱ्हाणे होऊ शकते, ही गोष्ट आता नियमात आली आहे.

संशोधकांच्या दृष्टीने आणखी एक तरतूद मोलाची आहे. पीएच. डी. संबंधीच्या २०२२ च्या विनियमांत, प्रबंध सादर झाल्यापासून मौखिक परीक्षेच्या निकालापर्यंतची सर्व प्रक्रिया सहा महिन्यांत पूर्ण होईल अशी व्यवस्था शिक्षणसंस्थांनी करावी, असे म्हटले आहे. ज्या भाषेत परीक्षक मोजकेच आहेत आणि ते दूरच्या राज्यांत विखुरलेले आहेत, तेथे ही मुदत पाळणे अवघड आहे हे खरे. परंतु अडचण सांगणे निराळे आणि गप्प बसणे निराळे. मुदत का पाळता आली नाही हे विद्यापीठास सांगावे लागते, एवढे तरी या तरतुदीने साधते.

महाराष्ट्रातील वाचकांना येथे २००५ च्या अधिनियमाची आठवण होईल. शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणारा विलंब यांसंबंधीच्या या कायद्याला लोकव्यवहारात 'दप्तरदिरंगाईचा कायदा' असेच नाव पडले. कोणतीही नस्ती सामान्यतः सात कामकाजाच्या दिवसांहून अधिक काळ एका कर्मचाऱ्याकडे पडून राहू नये, असे त्यात घालून दिलेले आहे. हा कायदा राज्य शासनाच्या कारभारासाठी आहे. दिल्लीतील वा वाराणसीतील केंद्रीय विद्यापीठास तो लागू नाही. तरी विलंब हा कर्तव्यातील दोष होय, ही कल्पना कायद्याच्या भाषेत कशी मांडता येते याचे ते एक उदाहरण आहे.

३. महादेश म्हणजे काय

अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालये जे प्राधिलेख काढू शकतात त्यांपैकी आपल्या प्रश्नाशी मुख्यतः संबंध येतो तो 'मॅन्डेमस'चा. संविधानाच्या मराठी पाठात त्याला 'महादेश' म्हटले आहे, तर हिंदी पाठात 'परमादेश'. दोन्ही शब्द भारदस्त आहेत, आणि त्यामुळे थोडे फसवेही. या आदेशाचा मूळ आशय साधा आहे : कायद्याने जे सार्वजनिक कर्तव्य तुमच्यावर टाकले आहे ते पार पाडा.

या आशयाचा फार स्पष्ट दाखला मुंबईच्या एका खटल्यात मिळतो. अंधेरी येथे चित्रपटगृह बांधण्याच्या परवानगीवरून उद्भवलेला पोलीस आयुक्त विरुद्ध गोरधनदास भानजी हा खटला सर्वोच्च न्यायालयाने १९५१ मध्ये निकालात काढला. परवानगी आयुक्ताने दिली होती. ती रद्द झाल्याचे पत्रही त्याच्याच कार्यालयातून गेले होते. पण ते शासनाच्या सांगण्यावरून. न्यायालयाने म्हटले की, ज्याच्याकडे विवेकाधिकार सोपविला आहे त्याने तो स्वतःच वापरला पाहिजे. आयुक्ताने आपल्यापुढील विनंत्यांचा विचार करून निश्चित आदेश द्यावा, असे त्यास फर्मावण्यात आले. परवानगी ठेवावी की काढावी हे न्यायालयाने सांगितले नाही.

कोकणातील रूपक पुन्हा वापरायचे तर, महादेश कौल द्यावयास लावतो. तो उजवा असावा की डावा हे सामान्यतः सांगत नाही. विद्यापीठीय विलंबावरील न्यायालयीन उपायाचे सारे सामर्थ्य आणि सारी मर्यादा या एका गोष्टीत सामावलेली आहे.

याच निकालातील दुसरे तत्त्वही येथे उपयोगी आहे. सार्वजनिक आदेशाचा अर्थ त्या आदेशातील शब्दांवरूनच लावावयाचा असतो. अधिकाऱ्याने मागाहून सांगितलेल्या मनोगतावरून नव्हे. मोहिंदरसिंग गिल खटल्यात (१९७७) सर्वोच्च न्यायालयाने हेच तत्त्व पुढे नेले : आदेशात जी कारणे नव्हती ती शपथपत्रातून भरून काढता येत नाहीत. त्यामुळे दोन वर्षे गप्प बसून, याचिका आल्यावर घाईने दोन ओळींचा नकार पाठविणाऱ्या आणि मग शपथपत्रात वीस कारणे सांगणाऱ्या विद्यापीठाची बाजू दुबळी होते.

महादेश मागण्यासाठी काही अटी आहेत. कर्तव्य सार्वजनिक स्वरूपाचे असले पाहिजे, आणि ते पार पाडावे अशी मागणी आधी केलेली असली पाहिजे. मागणी आणि नकार यांची ही अट जुनी आहे. परंतु दीर्घ मौन हे नकारासारखेच धरता येते. केंद्रीय विद्यापीठे कायद्याने स्थापन झालेली असल्याने त्यांच्याविषयी शंका उरत नाही. खाजगी विश्वस्तसंस्थांनी चालविलेल्या अनुदानित महाविद्यालयांविषयी ती होती. अहमदाबादच्या एका महाविद्यालयाच्या खटल्यात, म्हणजे आनंदी मुक्त सद्गुरु विरुद्ध व्ही. आर. रुदानी या १९८९ च्या निकालात, अशा संस्थेवरही सार्वजनिक कर्तव्य असेल तर महादेश काढता येतो असे ठरले.

पर्यायी उपाय उपलब्ध असताना उच्च न्यायालय सहसा हस्तक्षेप करीत नाही, हा नियम सर्वांना ठाऊक असतो. मात्र तो न्यायालयाने स्वतःवर घालून घेतलेला संयम आहे. अधिकाराचा अभाव नव्हे. व्हर्लपूल खटल्यात (१९९८) या नियमाचे अपवाद एकत्र सांगितले आहेत : मूलभूत हक्कांचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारबाह्य कृती, आणि कायद्याच्याच वैधतेला दिलेले आव्हान. शिवाय उपाय परिणामकारक असावा लागतो. ज्या समितीने एक वर्ष बैठकच घेतली नाही, तिच्याकडे जा असे सांगण्यात काही अर्थ नाही, हे याचिकेत दाखवून देता येते. त्यासाठी त्या समितीकडे गेल्याचा पुरावा मात्र हाती असला पाहिजे.

४. काळाचा हिशेब

विलंबाच्या प्रश्नात एक विचित्र कोडे दडलेले आहे. विद्यापीठाच्या विलंबाविरुद्ध दाद मागणारा स्वतःच विलंबाच्या दोषास पात्र ठरू शकतो. उत्तराची वाट पाहत तो थांबतो, स्मरणपत्रे लिहितो, ओळखीच्या माणसांना भेटतो; आणि शेवटी न्यायालयात गेला की त्याला विचारले जाते : इतके दिवस काय करीत होता?

या कोड्याचे सर्वांत अधिकृत उत्तर एस. एस. राठोर विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या खटल्यात मिळते. १९६६ मध्ये बडतर्फ झालेल्या एका शासकीय कर्मचाऱ्याने नियमांनुसार अपील केले. ते फेटाळले गेल्यावर त्याने १९६९ मध्ये दावा लावला. मुदत बडतर्फीच्या दिवसापासून मोजावयाची की अपिलाच्या निकालापासून, हा प्रश्न होता. १९८९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने त्याचा निर्णय दिला. त्याचे सार तीन सूत्रांत सांगता येईल.

पहिले सूत्र असे की, कायद्याने वा नियमांनी अपिलाची अगर अभिवेदनाची सोय केली असेल, तर त्यावरील निर्णयाच्या दिवशी वादकारण उद्भवते. दुसरे, असा निर्णय झालाच नाही, तर अपील वा अभिवेदन सादर केल्यापासून सहा महिने संपताच वादकारण उद्भवले असे समजावे. तिसरे, ज्या अभिवेदनाला नियमांचा आधार नाही ते कितीही वेळा दिले तरी मुदत वाढत नाही.

या तिन्हींपैकी तिसरे सूत्र विद्यापीठाच्या आवारात सर्वांत कमी ठाऊक आहे. कुलगुरूंना लिहिलेले वैयक्तिक पत्र, अभ्यागतांना पाठविलेली विनंती, मंत्रालयास केलेला अर्ज, आणि त्या सर्वांची दर तीन महिन्यांनी धाडलेली स्मरणपत्रे यांनी मनाला दिलासा मिळत असेल. कालगणना मात्र थांबत नाही. उलट ज्या अर्जाला अधिनियमाच्या, परिनियमाच्या किंवा विनियमाच्या कलमाचा आधार आहे, तो अर्ज मौनालाही अर्थ प्राप्त करून देतो. सहा महिन्यांचे मौन हा कायद्याच्या दृष्टीने एक निकालच होय.

हाच सहा महिन्यांचा हिशेब १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमात कलम २० व २१ मध्ये आढळतो : अभिवेदनावर सहा महिने निर्णय न झाल्यास त्यानंतर एक वर्षाच्या आत न्यायाधिकरणाकडे यावे. मात्र केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाची कक्षा, शासनाबाहेरील संस्थांपुरती, अधिसूचनेने ठरते. आपली संस्था त्या यादीत आहे की नाही हे प्रत्येकाने प्रथम पाहावे. नसेल तर मार्ग उच्च न्यायालयाचाच. उच्च न्यायालयातील याचिकेला मुदत अधिनियमाची ठराविक कालमर्यादा लागू होत नाही. पण अवाजवी विलंबामुळे न्यायालय दाद नाकारू शकते.

कोणत्या गाऱ्हाण्याला विलंब अधिक बाधतो? भारत सरकार विरुद्ध तरसेमसिंग (२००८) या निकालात याचा भेद केलेला आहे. वेतन वा निवृत्तिवेतन चुकीचे ठरविले असेल तर अन्याय दरमहा नव्याने घडतो. तेथे उशिरा आलेल्यालाही दाद मिळते, फक्त थकबाकी मर्यादित होते. ज्येष्ठता वा पदोन्नती यांचे तसे नाही. तेथे मधल्या काळात इतरांचे हक्क स्थिर झालेले असतात, आणि ते विस्कटण्यास न्यायालय धजत नाही. पदोन्नतीचे गाऱ्हाणे असणाऱ्या अध्यापकास म्हणून थांबण्याची चैन परवडत नाही.

५. 'विचार करावा' या दोन शब्दांचा अर्थ

विलंबाविरुद्ध केलेल्या याचिकेवर बहुधा जो आदेश मिळतो तो ठराविक साच्याचा असतो : अर्जदाराच्या अभिवेदनाचा अमुक आठवड्यांत कायद्यानुसार विचार करावा. याचिका पहिल्याच दिवशी निकालात निघते, वकील आनंदाची वार्ता कळवतो, आणि अर्जदाराला आपण जिंकलो असे वाटते. शब्दांच्या अर्थाशी ज्यांचा रोजचा व्यवहार आहे अशा वाचकांनी या दोन शब्दांकडे बारकाईने पाहिले पाहिजे.

सर्वोच्च न्यायालयाने आंध्र प्रदेश राज्य मार्ग परिवहन महामंडळ विरुद्ध जी. श्रीनिवास रेड्डी (२००६) या निकालात याच शब्दांची चिकित्सा केली आहे. 'विचार करावा' म्हणजे 'मंजूर करावे' असे नव्हे. हक्काचा प्रश्न तपासून, त्याविषयी काही निष्कर्ष नोंदवून, त्या प्रकाशात विचार करावयास सांगणे ही एक गोष्ट. हक्काबद्दल एक अक्षरही न बोलता केवळ विचार करावयास सांगणे ही दुसरी. दोन्ही आदेश वरवर सारखे दिसतात. त्यांचे फळ मात्र भिन्न असते. म्हणून अधिकाऱ्याने कोणत्या बाबीचा व कोणत्या दृष्टीने विचार करावयाचा हे आदेशात स्पष्ट असावे, असा या निकालाचा रोख आहे.

दोन वर्षांनी सी. जेकब विरुद्ध भूविज्ञान व खाणकाम संचालक (२००८) या निकालात त्याच न्यायालयाने या साच्याचा दुसरा धोका दाखविला. नोकरी संपल्यावर सुमारे १८ वर्षांनी केलेल्या अभिवेदनाचा 'विचार करावा' असा निरुपद्रवी वाटणारा आदेश झाला. अधिकाऱ्याने विचार करून नकार दिला. आणि तो नकार हेच नवे वादकारण समजून मृत दावा पुन्हा उठून बसला. न्यायालयाने असे होऊ देण्यास नकार दिला. जुनाट वा विषयाशी असंबद्ध अभिवेदनावर दिलेल्या उत्तराने नवा हक्क वा नवी मुदत निर्माण होत नाही.

या दोन निकालांचा एकत्रित बोध असा. वेळेवर आलेल्या अर्जदाराला 'विचार करावा' एवढ्याच आदेशाने फारसे काही मिळत नाही. उशिरा आलेल्याला तर काहीच मिळत नाही. पहिल्याच्या बाबतीत एका मौनाची जागा तीन महिन्यांनंतर एक त्रोटक नकार घेतो, आणि दुसरी याचिका करावी लागते. दुसऱ्याच्या बाबतीत तो नकारही निरुपयोगी ठरतो. म्हणून याचिकेतील मागणीचे शब्द ठरवितानाच दक्षता घेतली पाहिजे. कोणत्या कलमाखालील कर्तव्य आहे, कोणत्या प्राधिकाऱ्याने ते पार पाडावयाचे, किती दिवसांत, अर्जदाराला बोलण्याची संधी देऊन की न देता, आणि सकारण लेखी आदेशाने की नाही, ही पाच अंगे मागणीत असली तर आदेशातही ती उतरण्याचा संभव असतो. ती नसतील तर न्यायालयाने ती आपणहून घालावीत अशी अपेक्षा करता येत नाही.

न्यायालयाला याहून पुढे कधीच जाता येत नाही असे नाही. नियंत्रक व महालेखापरीक्षक विरुद्ध के. एस. जगन्नाथन (१९८६) या निकालाने सांगितले आहे की, प्राधिकाऱ्याने विवेकाधिकार वापरलाच नाही, किंवा तो दुष्ट हेतूने वा असंबद्ध कारणांनी वापरला, तर योग्य प्रसंगी न्यायालय स्वतःच तो आदेश देऊ शकते, जो प्राधिकाऱ्याने द्यावयास हवा होता. वारंवार आदेश होऊनही जेथे विद्यापीठ हलत नाही, तेथे या निकालाचा आधार घेता येतो.

६. विद्वत्तेच्या प्रांतातील संयम

विद्यापीठांच्या बाबतीत न्यायालये आणखी एक संयम पाळतात. विद्याविषयक मूल्यमापनाच्या जागी ती आपले मूल्यमापन बसवीत नाहीत. योगायोगाने या संबंधातील दोन मूलभूत निकाल साहित्याच्या अध्यापकपदांवरूनच झाले आहेत. म्हैसूर विद्यापीठ विरुद्ध गोविंद राव (१९६३) हा खटला बंगळूर येथील इंग्रजीच्या प्रपाठकपदावरील नेमणुकीचा होता. तज्ज्ञांच्या निवड मंडळाच्या मतात न्यायालयांनी सहसा ढवळाढवळ करू नये, असे तेथे ठरले. जे. पी. कुलश्रेष्ठ विरुद्ध कुलपती, अलाहाबाद विद्यापीठ (१९८०) हा खटलाही इंग्रजीच्या प्रपाठकपदांचाच. संयमाचे तत्त्व मान्य करूनही तेथे न्यायालयाने बजावले की, विद्यापीठ कायद्याच्या वर नाही. पात्रतेच्या नियमाचा अर्थ लावणे हे न्यायालयाचे काम आहे. महाराष्ट्र राज्य माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळ विरुद्ध परितोष शेठ (१९८४) या निकालात उत्तरपत्रिकांच्या फेरमूल्यांकनाचा हक्क मान्य झाला नाही, तोही याच धोरणास अनुसरून.

विलंबाच्या प्रश्नात या संयमाचे स्थान नीट ओळखले पाहिजे. प्रबंध उत्तम आहे की सामान्य, हे न्यायालय पाहणार नाही. तो परीक्षकाकडे पाठविला का, नसल्यास का नाही, हे मात्र ते पाहील. कारण पाठविणे ही विद्वत्तेची बाब नसून कर्तव्याची बाब आहे. म्हणून विलंबाच्या याचिकेत आपल्या लेखनाच्या गुणवत्तेची वर्णने करणे व्यर्थ आहे. ती केली की विद्यापीठास विद्याविषयक स्वायत्ततेची ढाल आयती मिळते. तारखा, नियम आणि मौन एवढीच सामग्री पुरेशी असते, आणि तीच सर्वांत बलवान ठरते.

७. गेलेला काळ

येथवरच्या उपायांनी निर्णय मिळवता येतो. गेलेली वर्षे परत मिळत नाहीत. त्यासाठी निराळे उपाय आहेत आणि ते सर्व अपुरे आहेत.

पहिला अंतरिम आदेशाचा. मुलाखत उद्यावर आली असेल, किंवा पद भरले जाणार असेल, तर अंतिम निकालाच्या अधीन राहून सहभागी होऊ देण्याचा अगर जागा रिकामी ठेवण्याचा आदेश मागता येतो. तो मागितला नाही तर पुढे मिळालेला न्याय पोकळ ठरतो. दुसरा उपाय काळाच्या पूर्वस्थितीचा. वैद्यकीय प्रवेशासंबंधीच्या एस. कृष्णा श्रद्धा (२०१९) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, विद्यार्थिनीचा दोष नसताना आणि तिने तत्परतेने दाद मागितली असताना केवळ नुकसानभरपाई देऊन भागणार नाही. योग्य प्रसंगी पुढील वर्षी प्रवेशही देता येईल. हा निकाल विशिष्ट क्षेत्रातील आहे. परंतु संस्थेच्या चुकीचे फळ निर्दोष विद्यार्थ्याने भोगू नये, हे त्यातील सूत्र व्यापक आहे.

तिसरा उपाय भरपाईचा. लखनौ विकास प्राधिकरण विरुद्ध एम. के. गुप्ता (१९९३) या निकालात अधिकाऱ्यांनी केलेल्या छळाबद्दल भरपाई देण्याचे आणि ती जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करण्याचे तत्त्व मान्य झाले. तो ग्राहक संरक्षण कायद्याखालील खटला होता. परंतु परीक्षा घेणे व निकाल लावणे ही ग्राहकाला दिलेली सेवा नव्हे, असे बिहार शालेय परीक्षा मंडळ (२००९) आणि महर्षी दयानंद विद्यापीठ (२०१०) या निकालांनी ठरविल्याने, त्या बाबतींत ग्राहक मंचाचे दार विद्यार्थ्याला मिटलेले आहे. उच्च न्यायालय याचिकेत खर्च वा भरपाई देऊ शकते. पण त्यावर कोणी भिस्त ठेवू नये.

आदेश होऊनही तो पाळला नाही, तर १९७१ च्या न्यायालय अवमान अधिनियमाचा आधार आहे. त्यातही कलम २० ची एक वर्षाची मर्यादा आहे. आदेशाची प्रत विद्यापीठाकडे पोचल्याची पोच आणि मुदत संपल्याचा दिवस यांची नोंद ठेवली नाही, तर हाही उपाय हातचा जातो.

८. दूरच्या अभ्यासकाचे प्रश्न

मराठीचा संशोधक पुण्याचा वा पणजीचा असतो आणि त्याचे विद्यापीठ हजार मैलांवर असते. अशा वेळी कोणत्या उच्च न्यायालयात जावे? अनुच्छेद २२६ (२) प्रमाणे वादकारणाचा काही भाग जेथे उद्भवला तेथील उच्च न्यायालयासही अधिकार असतो. तथापि, तेल व नैसर्गिक वायू आयोग विरुद्ध उत्पलकुमार बसू (१९९४) या निकालावरून दिसते की, एखाद्या शहरात जाहिरात वाचली किंवा तेथून पत्र पाठविले एवढ्याने तेथे वादकारण उद्भवत नाही. घरी बसून स्मरणपत्रे लिहिली म्हणून मुंबई उच्च न्यायालयात जाता येईल असे धरून चालू नये.

भाषेचा प्रश्नही आहे. अनुच्छेद ३५० ने गाऱ्हाणे मराठीत लिहिण्याची मुभा दिली असली, तरी अनुच्छेद ३४८ प्रमाणे उच्च न्यायालयाची भाषा मुख्यतः इंग्रजी आहे, आणि मराठी कागदांची भाषांतरे जोडावी लागतात. मराठी विभागातील पत्रव्यवहार मराठीत होणे हे आनंदाचे आहे. पण ज्या पत्रावरून मुदत मोजली जाणार आहे, त्यावर कलमाचा उल्लेख, दिनांक आणि पोच असली पाहिजे, मग भाषा कोणतीही असो. २००५ च्या माहिती अधिकार अधिनियमाखाली ३० दिवसांत नस्तीची स्थिती विचारता येते. त्या एका उत्तरातून अर्ज कोणाच्या मेजावर किती दिवस होता हे कळते, आणि पुष्कळदा तेच याचिकेतील सर्वांत बोलके परिशिष्ट ठरते.

तात्पर्य, न्यायालयाकडे मौनावर उपाय आहे. पण तो मौन धरून बसलेल्या अर्जदारासाठी नाही. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण आपल्याकडे उगीच रूढ झालेली नाही. १९६६ च्या बडतर्फीचा मुदतविषयक प्रश्न १९८९ मध्ये सुटला, हे आपण पाहिलेच. तरीही त्या निकालाने दिलेला सहा महिन्यांचा मापदंड पुढच्या प्रत्येक अर्जदाराच्या हाती आहे. नियमाने नेमलेल्या दारावर गाऱ्हाणे घालावे, त्या दिवसाची नोंद ठेवावी, सहा महिने मोजावे, आणि त्यानंतर स्मरणपत्र न लिहिता नेमक्या शब्दांत दाद मागावी. संविधानाने गाऱ्हाण्याला भाषा दिली आहे. त्याचे उत्तर मागण्यासाठी लागणारी तारीख आणि कलम अर्जदारालाच लिहावे लागते.